मल्हारीचा खांदा

मल्हारीच्या पँटचं कापड मी दुकानाच्या फरशीवर अंथरून कापायचो. टेबलावर ते मावत नसे. बाहेरच्या बाकावर बसलेली रिकामटेकडी मंडळी विचारायची, "मास्तर, मांडव शिवायलाव का?" मल्हारी त्याच बाकाच्या टोकाला गुडघे तिरपे करून बसलेला असायचा. तोही हसायचा. पण सगळ्यांचं हसून झाल्यावर, एखादं राहिलेलं काम उरकल्यासारखा.

अणदूरला बसस्टँडजवळ माझं शिलाईचं दुकान आहे. शिंप्याला आमच्याकडं मास्तर म्हणतात. शिकवलेलं मी कुणाला काही नाही. मल्हारी आमच्याच गल्लीतला, माझ्यापेक्षा दहाएक वर्षांनी लहान, उंची सहा फूट नऊ इंच. तुळजापूर, सोलापूर पालथं घातलं तरी त्याच्या मापाची तयार पँट मिळायची नाही. पुढं परदेशात मिळायला लागली, तरी सुट्टीवर आला की तो कापड घेऊन माझ्याकडंच यायचा. म्हणायचा, "तिथल्या पँटी लांब असत्यात मास्तर, पण आपल्या वाटत न्हायत." ह्या माणसानं तारुण्याची बहुतेक वर्षं परदेशात पगारावर बास्केटबॉल खेळून काढली. गावातल्या निम्म्या लोकांना हे अजून खरं वाटत नाही. आता तो पुण्याला एका शाळेत पोरांना खेळ शिकवतो, काठी टेकून, असं त्याचा भाऊ सांगतो.

त्याच्या आईला, गोदाक्काला, बरीच वर्षं मूल नव्हतं. तिनं खंडोबाला नवस केला आणि हा झाला, म्हणून नाव मल्हारी. आमचा खंडोबा हा दोन गावांत मिळून एक देव आहे. वर्षातला थोडा काळ तो नळदुर्गला राहतो, बाकीचा अणदूरला. मूर्ती तीच. न्यायच्या वेळी दोन्ही गावांची माणसं समोरासमोर बसतात, कधी न्यायचं आणि कधी परत आणायचं त्याचा लेखी करार होतो, आणि मगच देव जागचा हलतो. देव नसला की आम्हाला गाव मोकळं मोकळं वाटतं, पण काळजी कुणाला वाटत नाही. ठरल्या दिवशी तो येतोच.

नवसाच्या पोरानं देवाच्या पालखीला खांदा द्यावा, ही गोदाक्काची फार दिवसांची इच्छा. मल्हारी दहावीला होता त्या वर्षी तिनं त्याला अंघोळ घालून, नवा सदरा चढवून पुढं केलं. सदरा मीच शिवला होता आणि तो महिनाभरात आखूड झाला होता, कारण त्या वर्षी हा पोरगा बाभळीसारखा वाढत सुटला होता. त्यानं पालखीची दांडी खांद्यावर घेतली मात्र, पालखीचं एक अंग वर उचललं गेलं आणि देव कलंडायला लागला. पुजारी ओरडले. भंडारा उधळणारे हात तसेच वर थांबले. केरबाआप्पा म्हणजे पालखीच्या पुढं चालणारे आमच्या गावचे वडीलधारे. त्यांनी मल्हारीच्या पाठीवर हात ठेवला आणि मऊ आवाजात म्हणाले, "तू बाजूला व्हय बाळा. देव पडंल."

तो बाजूला झाला. त्याच्या जागी दुसरा कुणी लागला आणि पालखी पुढं गेली. मल्हारी गर्दीत मागं राहिला, पण गर्दीत त्याला लपता येत नव्हतं. मिरवणूक संपेपर्यंत सगळ्यांच्या वर त्याचं एकट्याचं डोकं दिसत होतं, कपाळावर भंडारा, चेहऱ्यावर काहीही नाही. गोदाक्का देवळाच्या पायरीवर बसून होती. तिनं पदर तोंडाला लावला होता. मला त्या दिवशी केरबाआप्पांचा राग आला, पण खरं बघायला गेलं तर त्यांचं काही चुकलं नव्हतं.

पुढच्या गोष्टी भराभर घडल्या. शाळेतल्या पी.टी.च्या सरांनी त्याला पुण्याला नेलं, तिथं त्याच्या हातात पहिल्यांदा बास्केटबॉल आला. एका सरकारी खात्याच्या संघात तो काही वर्षं खेळला. मग एका केरळी कोचनं त्याला बहरीनला नेलं, तिथून तो मालदीवला गेला, मग मंगोलियाला, मग कंबोडियाला, पुन्हा बहरीनला. गावात बातमी पसरली की मल्हारी फार मोठा खेळाडू झाला. मी एकदा माप घेताना त्याला तसं म्हटलं.

"न्हाय ओ मास्तर," तो हात आडवे धरून उभा होता, "एखाद्या संघाचा उंच माणूस लंगडला की मला बोलावत्यात. त्यो बरा झाला की मी मोकळा. मग दुसरीकडं कुणीतरी लंगडतोय."

"म्हणजे कुणी लंगडायची वाट बघायची?"

"वाट बघायची न्हाय. फोन चालू ठिवायचा."

हे त्यानं कुरकुरत सांगितलं नाही. पाऊस कुठं किती झाला ते सांगावं तसं सांगितलं. तो सगळंच तसं सांगायचा. कुठल्याही देशाबद्दल विचारा, उत्तर एकच: गाव बरं हाय, खोली बरी हाय, पलंग आखूड हाय. जगातल्या एकाही मालकानं त्याला पाय मावतील असा पलंग दिला नाही. मंगोलियाबद्दल मी खोदून खोदून विचारलं, तेव्हा त्यानं भर घातली, "थंडी हाय." बस. मला वाटायचं, हा माणूस एवढं जग बघून आला, त्यानं दुकानात बसून दोन तास तरी बोलावं, निदान बाकावरच्या त्या मंडळींची तोंडं तरी बंद व्हावीत. पण त्याच्या आत काही उतरलंच नव्हतं. किंवा उतरलं असेल आणि वर येत नसेल.

त्याच्या लग्नाची बोलणी चारदोनदा झाली. दर वेळी मुलीकडचे विचारायचे, "पोरगा करतो काय?" त्याचे वडील सांगायचे, "खेळतो." "ते बरं हाय, पण करतो काय?" इथं बोलणी संपायची. वडील बिचारे शेतकरी माणूस, त्यांनाही ह्यापुढचं सांगता येत नसे. मल्हारीला विचारलं, तर तो म्हणायचा, "त्यांचं बी खरंच हाय की." पुढं पुढं बोलणी व्हायचीही थांबली.

सुट्टीवर आला की गावाला त्याचा उपयोग एकच. ट्यूबलाइट बदलणं. गल्लीतल्या बायका महिनोन् महिने बंद पडलेल्या ट्यूबा तशाच ठेवायच्या, मल्हारी येईल म्हणून. तो घरोघर जायचा, प्रत्येक दारात वाकायचा, अगदी उंच दारातसुद्धा, आणि स्टूल न घेता हात वर करायचा. कपाटावर काय काय पडलेलं आहे हे गल्लीत फक्त त्याला माहीत असायचं. हरवलेल्या कितीतरी किल्ल्या त्यानं वरच्या वर काढून दिल्या. चहा मात्र कुणाकडं घ्यायचा नाही. "आईनं ठिवलाय," म्हणायचा.

गोदाक्काचे आणि त्याचे फोन ऐकण्यासारखे असायचे. ती माझ्या दुकानात येऊन माझ्याकडून नंबर लावून घ्यायची. पोरगा नव्या देशात गेला की तिचा पहिला प्रश्न ठरलेला, "तिथं कोणता देव हाय रं?"

एकदा तो म्हणाला, "हितं बुद्ध हाय."

"मग त्येला माझा नमस्कार सांग. म्हणावं, पोरगं नवसाचं हाय, ध्यान ठिव."

बहरीनला गेला तेव्हा म्हणाली, "आल्लाला सांग." आणि मालदीवला गेल्यावर तिथंही तोच देव आहे हे कळल्यावर तिला फार बरं वाटलं, ओळखीचा माणूस भेटल्यासारखं.

एका वर्षी देव नळदुर्गला निघाला तेव्हा मल्हारी योगायोगानं गावात होता. तो आणि मी दुकानाच्या पायरीवर उभं राहून बघत होतो. पालखी पुढं गेली आणि तो म्हणाला, "देवाचं बरं हाय मास्तर. जायचं ठरलेलं, यायचं बी ठरलेलं." बराच वेळ तो त्या बाजूला बघत राहिला. एवढं बोलल्याचंच त्याला ओझं झालं असावं, कारण मग दोन दिवस तो दुकानाकडं फिरकला नाही.

वडील गेले तेव्हा तो कंबोडियात होता. धाकट्या भावानं, दत्तानं, फोन केला. मल्हारी तेव्हा मैदानात उतरायच्या तयारीत होता. यायचं म्हटलं तरी दोन विमानं, मग बस, मग पुन्हा बस. प्रेत तेवढा वेळ ठेवता येत नाही. दत्तानं अग्नी दिला. मल्हारी दहाव्याला येऊन पोचला. डोकं भादरून, वाकून, तो दारात उभा राहिला आणि गोदाक्कानं त्याला काहीही विचारलं नाही.

नंतर तो दुकानात आला आणि नेहमीच्या बाकावर न बसता आत येऊन मशीनशेजारी बसला. मीच विचारलं, "मग त्या दिवशी काय केलंस?"

"खेळलो."

"खेळलास?"

"व्हय. चांगला खेळलो. लई चांगला खेळलो मास्तर." त्यानं स्वतःच्या हातांकडं बघितलं. "मला वाटलं, नंतर रडू येईल. मग वाटलं, इमानात येईल. मग वाटलं, घर दिसल्यावर येईल."

मी मशीन थांबवली. तो उठला आणि माझी फडफडणारी ट्यूब, मी न सांगता, फिरवून नीट बसवून गेला.

तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी गोदाक्का झंपराचं कापड घेऊन आली, मागं मल्हारी. माझ्यासमोरच ती त्याला म्हणाली, "बापाच्या टायमाला तू न्हाईस. त्येचं मी बोलत न्हाय. पर माझ्या टायमाला खांदा द्याया तू पायजेस. पालखीचा नवस ऱ्हायला तो ऱ्हायला, माझा खांदा ऱ्हाया नको. अजून कायबी मागत न्हाय म्या."

आमच्याकडं बापाचं थोरल्यानं करायचं आणि आईचं धाकट्यानं. मडकं धरणार दत्ताच, हे तिलाही माहीत होतं. मल्हारीकडून तिला हवा होता तो फक्त खांदा. तो म्हणाला, "बरं."

त्यानंतर तो परत गेला, पण पूर्वीसारखा नाही. त्याचे गुडघे मला टेपवर आधी कळले. पुढच्या खेपेला माप घेताना उजव्या गुडघ्याचा घेर वाढलेला आणि वरची मांडी बारीक झालेली. मी म्हटलं, "हे काय रे?" तेव्हा त्यानं मला एक गोष्ट करून दाखवली. दुकानात जेवढी मोकळी जागा होती तेवढ्यात तो पाय फाकवून उभा राहिला, गुडघे वाकवले, बसका झाला, पाठ मात्र सरळ, आणि तसाच पुढं-मागं, डावी-उजवीकडं सरकायला लागला. एवढा मोठा माणूस एकदम माझ्या उंचीचा झाला. आमचे डोळे समोरासमोर आले, असं पहिल्यांदाच झालं असेल.

"समोरचा माणूस अडवायचा तर असं ऱ्हावं लागतंय," तो म्हणाला. "कोच तासतासभर असं चालायला लावायचे. उंच माणसाला ह्येच जमत न्हाय म्हणून त्याला जास्त. ह्यानंच गेले गुडघे."

सोलापूरच्या डॉक्टरांनी त्याला सांगितलं होतं की मांडी घालायची नाही, उकिडवं बसायचं नाही, आणि गुडघे वाकवून वजन तर अजिबात घ्यायचं नाही. तरी मालदीवच्या एका संघानं त्याला बोलावलं. कुणीतरी लंगडलं होतं. लंगड्याच्या जागी लंगडा, असं मी म्हटलं आणि तो सगळ्यांच्या आधी हसला, हे मला आठवतं.

तो जायच्या तयारीत असतानाच गोदाक्का अंगणात पडली. कंबरेचं हाड मोडलं. वयामुळं डॉक्टर काही करायला धजेनात. आठ-पंधरा दिवस, फार तर महिना, असं सगळे दबक्या आवाजात बोलत होते. मालदीवहून फोन आला तेव्हा मल्हारी माझ्या दुकानात होता. तो इंग्रजीत थोडं बोलला, मग नुसतं "ओके, ओके" म्हणाला आणि फोन खिशात ठेवला.

"काय म्हणाले?"

"दुसरा बघत्यात."

"मग पुढं?"

"पुढं न्हाय काय. ह्या वयात एकदा न्हाय म्हटलं की नाव काढून टाकत्यात."

एवढ्यावर त्याचा सगळा खेळ संपला. बाहेर उसाचा ट्रॅक्टर अडकला होता आणि लोक ओरडत होते. मल्हारी उठून तो ट्रॅक्टर बघायला गेला.

पण गोदाक्का गेली नाही. महिना गेला, दुसरा गेला. ती पडल्या पडल्या भाकरी कुस्करून खायला लागली, सुनेच्या, दत्ताच्या बायकोच्या, स्वयंपाकाला नावं ठेवायला लागली. बाकावरच्या मंडळींना विषयच मिळाला. मल्हारी तिला उचलून अंगणात आणायचा, ऊन उतरलं की आत न्यायचा. एरवी दिवसभर दारात बसून असायचा, पाय रस्त्यावर येईपर्यंत लांब करून, माणसं त्यांना वळसा घालून जायची.

एक दिवस तो म्हणाला, "मास्तर, मी हितं कशाची वाट बघायलोय, ठावं हाय का तुमाला?"

मला माहीत होतं. मी मान खाली घालून काजं करत राहिलो.

"ती बरी झाली तर मी मोकळा न्हाय. आन् मोकळा व्हायची वाट बघायची म्हणजे..." तो थांबला. "वाईट वाटायला पायजे ना ह्याचं? मला ते बी वाटत न्हाय."

मला त्याची भीती वाटली आणि लगेच कीवही आली. मी त्याला चहा मागवला. त्या दिवशी त्यानं तो घेतला.

गोदाक्का थंडीत गेली, सकाळची, मल्हारीनं तिला उन्हात आणून ठेवल्यावर. देव नळदुर्गला होता. गाव आधीच मोकळं मोकळं होतं. दुपारच्या आत तिरडी बांधली, दत्तानं मडकं धरलं, पुढं झाला. मल्हारीनं पुढचा उजवा बांबू घेतला. मी त्याच्या मागच्या बांबूला होतो. सगळ्यांनी एकदम उचललं आणि तेच झालं जे इतक्या वर्षांपूर्वी झालं होतं. त्याच्याकडचं अंग वर गेलं, तिरडी डावीकडं कलली आणि गोदाक्का दोरीत सरकली. बायकांनी हंबरडा फोडला.

केरबाआप्पा आता काठीवर चालतात. ते पुढं आले आणि मल्हारीच्या पाठीवर हात ठेवला. हात आता फार वरपर्यंत पोचला नाही. "मल्हारी, तू बाजूला व्हय बाळा. माय पडंल."

बदली माणूस तयारही होता. त्यानं बांबूला हात घातला. मल्हारीनं बांबू सोडला नाही. त्यानं पाय फाकवले, गुडघे वाकवले आणि खाली गेला. पाठ सरळ. तिरडी हळूहळू सपाट झाली. गोदाक्का नीट झाली. मग तो तसाच चालायला लागला.

आमच्या गल्लीपासून ओढ्याकाठचं मसण बरंच लांब आहे. मी त्याच्या मागं होतो, मीच शिवलेली पँट माझ्या डोळ्यांसमोर होती. प्रत्येक पावलाला गुडघ्यामागचं कापड ताणत होतं. विसाव्याला तिरडी टेकवली, खांदेकरी बदलले, पुढचे मागं, मागचे पुढं झाले. दोघा-तिघांनी त्याला सोड म्हटलं. मीही म्हटलं. त्यानं मान हलवली आणि मागच्या बांबूला येऊन पुन्हा खाली बसका झाला. आता मी पुढं होतो आणि तो मागं, त्याचा श्वास मला ऐकू येत होता.

शाळेच्या कोपऱ्यावर ओट्यावर बायका उभ्या होत्या. त्यातली एक म्हातारी डोळ्यांवर हात धरून आमच्याकडं बघत होती. तिचं बोलणं आम्हाला सगळ्यांना ऐकू आलं. "थोरला दिसंना की गं कुठं. याही टायमाला आला न्हाय व्हय?"

माझ्या अंगाची आग झाली. खांद्यावर तिरडी असताना ओरडू नये, पण मी ओरडलो, "आलाय! हा काय माझ्या मागं!" म्हातारीला ऐकू गेलं की नाही कोण जाणे. ती अजून आमच्या डोक्यांवरूनच शोधत होती. मागून मल्हारीचा आवाज आला, "असू द्या मास्तर. चला."

मसणात तिरडी उतरवली. लाकडं रचली, दत्तानं फेऱ्या घेतल्या, मडकं फुटलं. आग लागल्यावर मी सवयीनं मान वर करून मल्हारीला शोधलं. दिसला नाही. मला वाटलं, घरी गेला. मग मी खाली बघितलं. तो माणसांच्या रांगेत, बाकीच्यांच्याच उंचीला, तसाच उभा होता. पाय फाकवलेले, गुडघे वाकलेले, उजवा खांदा अजून थोडा वर धरलेला. डोळे कोरडे होते.

मी जवळ जाऊन म्हटलं, "मल्हारी, पोचवली तिला. आता सरळ हो."

"व्हय," तो म्हणाला. त्यानं मांड्यांवर हात टेकून जोर लावला. "व्हता येईना, मास्तर."

मग मी आणि केरबाआप्पा त्याच्या दोन बाजूंना उभे राहिलो, आणि त्यानं आमच्या खांद्यांवर हात ठेवले.